जैन बाईने पास्त्याच्या वर्गाला जावं का?



आधी माझं मत सांगते, कारणं मागाहून. परदेशात फिरायला गेल्यावर तिथल्या एखाद्या बाईकडून हाताने पास्ता वळायला शिकायची संधी आली, तर आपल्या बायकांनी ती घ्यावी. चार प्रश्न आधी विचारून घ्यावी, पण घ्यावी. "तिथे अंडी असतात बाई" एवढं एक वाक्य बोलून टूरच्या बसमध्ये बसून राहू नये.

हे इतकं ठासून लिहायला निमित्त झालं आहे. यंदा मे महिन्यात आम्ही दोघं मुलाकडे म्युनिकला गेलो होतो. तिथून सगळे मिळून आठ दिवस इटलीला गेलो आणि दक्षिणेतल्या बारी या बंदराच्या गावी मी चार तासांचा पास्त्याचा वर्ग केला. सुनेने फोटो काढून आमच्या महिला मंडळाच्या ग्रुपवर टाकला. मी ॲप्रन बांधून लाकडी फळीसमोर, दोन्ही हात पिठाने भरलेले. खाली फुलं, जोडलेले हात, नेहमीचं सगळं आलं. रात्री एका ज्येष्ठ अक्कांचा मात्र वेगळा निरोप आला. जिथे मांस-मच्छी शिजते त्या स्वयंपाकघरात हात घालून आलेल्या बाईने चातुर्मासात मुनिमहाराजांच्या आहाराच्या चौक्यात कणीक मळावी का, याचा सर्वांनी विचार करावा, असं त्यांनी लिहिलं होतं.

अक्का माझ्यापेक्षा बारा वर्षांनी मोठ्या. दशलक्षणात आजही दहा उपवास करतात. त्यांनी प्रश्न सगळ्यांसमोर विचारला, मागे कुजबुज केली नाही, हे मला आवडलं. म्हणून उत्तरही सगळ्यांसमोर देते.

पहिली गोष्ट, पास्ता म्हणजे एकच पदार्थ नव्हे. आपण "इटालियन" म्हणून सगळं एका डब्यात भरतो. उत्तरेला, बोलोन्याच्या बाजूला, मऊ गव्हाचं पीठ अंड्यात मळतात. लांब लाटण्याने त्याची मोठी पोळी लाटून पट्ट्या कापतात. दक्षिणेला, पुलिया प्रांतात, कठीण गव्हाचा बारीक रवा आणि कोमट पाणी, संपलं. कारण गव्हातच आहे. कठीण गव्हाचा रवा नुसत्या पाण्याने घट्ट धरतो आणि वळवाल तसा वळतो. मऊ गव्हाच्या पिठाला अंड्याचा आधार द्यावा लागतो. शिवाय दक्षिणेतल्या गरीब घरांत अंडं ही रोज पिठात फोडायची वस्तू नव्हती.

तिथल्या कायद्यातही हे लिहिलेलं आहे. 1967 सालच्या कायद्याने सुका पास्ता कठीण गव्हाच्या रव्याचाच असला पाहिजे असं ठरवून दिलं. आणि "अंड्याचा पास्ता" असं पाकिटावर छापायचं असेल, तर एक किलो रव्याला कमीत कमी चार अंडी, म्हणजे 200 ग्रॅम, घालावी लागतात. म्हणजे अंडं चुकून पडणारी गोष्ट नाही, असेल तर ते नावासकट लिहिलेलं असतं. "उओवा" हा शब्द पाठ करा. उओवा म्हणजे अंडी. तो पाकिटावर दिसला की हात मागे.

आता हा कठीण गहू कोणता? इंग्रजीत ड्युरम म्हणतात. आपल्याकडचा बन्सी तो हाच. माझं माहेर सांगली जिल्ह्यातलं. आमच्याकडे रब्बीला जिरायत रानात बन्सी असायचा आणि शेवयांना, कुरडयांना तोच लागायचा. पुण्याची आघारकर संशोधन संस्था बन्सीच्या जातीच्या गव्हाचे सुधारित वाण काढते, त्यांतल्या एमएसीएस 4028 या वाणात प्रथिनं 14.7 टक्के आहेत. पास्त्याला हवा असतो तो हाच गहू. दुसरी गंमत खपलीची. तस्कनीतल्या गार्फान्याना खोऱ्यात पिकणाऱ्या "फार्रो" नावाच्या गव्हाचं तिकडे फार कौतुक, त्याला युरोपचं भौगोलिक मानांकनही आहे. शास्त्रीय नाव पाहिलं तर ट्रिटिकम डायकोकम. म्हणजे आपल्या सांगली-कोल्हापूरकडची, खिरीची खपलीच. बारीच्या दुकानात ती पिशवी हातात घेऊन मी यांना म्हटलं, "अहो, ही बघा आपली खपली." यांनी मागची किंमत वाचली आणि पिशवी माझ्या हातातून काढून फळीवर परत ठेवली.

तर मला जायचं होतं ते दक्षिणेला, आणि समजून-उमजून. रोमहून बारी रेल्वेने चार तास. बहुतेक टूरवाले तिकडे नेत नाहीत. रोम, फ्लॉरेन्स, व्हेनिस झालं की इटली झाली. फ्लॉरेन्स, व्हेनिसमध्येही पास्त्याचे वर्ग गल्लोगल्ली आहेत, पण त्यांत बहुतेक अंड्याचं पीठ मळतात. तिथे जाऊन "आम्हाला अंड्याशिवाय द्या" म्हणत बसायचं, मग ते नाइलाजाने वेगळा गोळा देणार आणि तो धड वळणार नाही. ज्या प्रांतात मुळातच अंडं लागत नाही, तिथेच का जाऊ नये?

सुनेने तिकडच्या एका बाईला महिनाभर आधी इटालियनमध्ये ईमेल लिहिला. प्रश्न माझे, भाषांतर फोनचं. पिठात अंडं आहे का. फळीवर कधी अंड्याचं पीठ मळता का. लसूण, कांदा, बटाटा वगळता येईल का. चीजशिवाय जेवता येईल का. आणि वर्ग सकाळी असतो का. या शेवटच्या प्रश्नाकडे दुर्लक्ष करू नका. तिकडे बरेच वर्ग संध्याकाळी सहाला सुरू होतात, मध्ये वाइनचे पेले फिरतात आणि ताट समोर येईपर्यंत सूर्य बुडालेला असतो. मेमध्ये बारीला सूर्यास्त आठच्या सुमाराला होतो, त्यामुळे सातला जेवण होणार असेल तरी आपलं जमतं. पण इटलीतलं सात म्हणजे आपल्या लग्नपत्रिकेतल्या मुहूर्तासारखं. सकाळचाच घ्या.

बाईंचं उत्तर दोन ओळींचं आलं. अंडं या घरात सणाच्या केकला लागतं, पास्त्याला नाही. बाकी जे नको ते सांगा, माझी सासूसुद्धा लेंटमध्ये निम्मं जग खात नसे. लेंट म्हणजे त्यांचा ईस्टरच्या आधीचा व्रताचा काळ. हे वाचलं आणि मला बरं वाटलं. समोरच्या बाईला "न खाणं" ही काय चीज आहे ते कळत होतं.

चीजवरून आठवलं, पार्मिजानो हा खरा धोका आहे आणि त्याबद्दल आपल्यात फार अज्ञान आहे. अंडं सगळ्या विचारतात, चीज कोणी विचारत नाही. दूध गोठवायला रेनेट लागतं आणि पार्मिजानोच्या नियमांतच ते वासराच्या जठरातलं असलं पाहिजे असं ठरलेलं आहे. पेकोरिनो रोमानोला कोकराचं. ग्राना पादानो नावाचं चीज आहे, त्यात वासराचं रेनेट असतंच, शिवाय लायसोझाइम म्हणून जे घालतात ते अंड्यातून काढलेलं. म्हणजे "आम्ही फक्त व्हेज पास्ता वुइथ चीज घेतला" म्हणणाऱ्या आपल्या टूरमधल्या बायकांनी काय घेतलं, ते मी वेगळं सांगत नाही. भारतात पाकिटावर हिरवा ठिपका असतो, तिथे तो नाही. तिथे "काल्यो" हा शब्द शोधायचा. काल्यो म्हणजे रेनेट, "काल्यो वेजेताले" म्हणजे वनस्पतीचं. आणि लसणीला म्हणतात "आल्यो". काल्यो आणि आल्यो, दोन्ही आपल्याला नको, म्हणून लक्षात ठेवायला सोपं. कांदा "चिपोल्ला". बटाटा "पाताता". न्योक्की नावाचे गोळे दिसायला निरागस, पण बहुधा बटाट्याचे असतात.

हे सगळे शब्द माझ्या दहा वर्षांच्या नातीने वहीत लिहून घेतले. तिच्याबद्दल थोडं सांगते, कारण माझ्यासाठी खरा मुद्दा तीच आहे. म्युनिकच्या शाळेत दुपारचं जेवण मिळतं. तिथे ही रोज ताट घेऊन उभी राहते आणि "हे नको, ते नको" सांगते. एकदा मला म्हणाली, "आजी, जैन म्हणजे नो, नो, नो." रागाने नाही, आपलं सहज म्हणाली. तिची चूक नाही. तिने धर्म पाहिला तो कँटीनच्या खिडकीतून. दळण, वाळवण, पाणी गाळणं, डाळ निवडताना एकेक किडका दाणा बाजूला सारणं, यातलं काही तिच्या वाट्याला आलं नाही. आपल्या आयांनी आपल्याला नकार शिकवले ते हातातलं काम शिकवता शिकवता. या मुलींकडे नुसते नकार पोचले आहेत.

त्या दिवशी ती माझ्या शेजारी स्टुलावर उभी राहून चार तास पीठ वळत होती. एकदाही "नो" म्हणावं लागलं नाही, कारण सगळं आम्ही आधीच विचारून घेतलेलं होतं.

वर्ग बारीच्या जुन्या भागात होता, किल्ल्याजवळ. त्याच भागात आर्को बास्सो नावाची गल्ली आहे. तिथे बायका दारात टेबल टाकून बसतात आणि येणाऱ्या-जाणाऱ्यांसमोर "ओरेक्किएत्ते" वळतात. ओरेक्किएत्ते म्हणजे छोटे कान. जाळीच्या तबकांत वाळत घातलेले असतात, आपल्याकडे मे महिन्यात गच्चीवर सांडगे असतात तसेच. मात्र तिथले सरकारी नियमही सोपे नाहीत. 2019 साली एका रेस्टॉरंटला दंड झाला आणि तीन किलो ओरेक्किएत्ते फेकून द्यावे लागले, कारण ते कुणाच्या हातचे, कुठल्या पिठाचे याचा कागद नव्हता. बायका घाबरल्या. पिढ्यान् पिढ्या दारात बसून केलेल्या कामाला लेबल कुठून आणायचं? आपल्या पापड-लोणचं करणाऱ्या बायकांना हे सांगायला नको.

आम्ही सहाजण होतो. पाचशे ग्रॅम रव्याला अडीचशे मिली कोमट पाणी. पाणी एकदम ओतायचं नाही. मळायचं आपल्या पोळीच्या कणकेपेक्षा खूपच घट्ट, दहा-बारा मिनिटं, तळव्याच्या टाचेने. मग फडक्याखाली अर्धा तास. मग बोटाएवढ्या जाडीची वळी, तिचे एक-एक सेंटिमीटरचे तुकडे. बोथट सुरीने तुकडा फळीवर दाबत आपल्याकडे ओढायचा, तो गुंडाळून येतो. मग अंगठ्यावर उलटा करायचा, झाला कान. ऑस्ट्रेलियाचं एक जोडपं होतं, त्यांचे कान फाटत होते. माझे तिसऱ्या तुकड्यापासून जमले. बाईंनी माझा अंगठा धरला आणि सुनेच्या फोनला विचारलं, हिला कोणी शिकवलं? मी म्हटलं, "आईने. पण कान नव्हे, नखोल्या."

मैत्रिणींनो, वळवट आठवतंय का कुणाला? रुखवतात पाच वळवटं लागायची. गव्हले, बोटवे, मालत्या, नखोल्या, फणोल्या. गव्हले गव्हाच्या दाण्याएवढे, चिमटीत वळलेले. नखोल्यांना नखाची खोक. फणोल्या कोऱ्या फणीवर दाबून उठवलेल्या रेघांच्या. आई दुपारी जेवणं झाली की रव्याची लांब वळी डाव्या हातात धरायची आणि उजव्या हाताच्या चिमटीतून गव्हले पाटावर पडत राहायचे, तोंडाने आमच्या शाळेची चौकशी चालू. इटलीच्या सार्डिनिया बेटावर रेघांचा एक पास्ता करतात, मल्लोरेद्दूस, तोही रव्या-पाण्याचा. रेघा उठवायला तो विणलेल्या टोपलीवर दाबायची जुनी पद्धत आहे. फणी नाही तर टोपली, एवढाच फरक. त्याच बेटावर नुओरो गावात "सू फिलिन्देऊ" नावाची शेवई आहे, देवाचा धागा असा अर्थ. पिठाची वळी ओढून दुमडायची, पुन्हा ओढायची, असं आठ वेळा. दोनाचे चार, चाराचे आठ, करत 256 धागे. मग गोल तबकावर तीन थर आडवे-तिरपे घालून वाळवायचे. हातावरच्या शेवया ज्यांनी लहानपणी पाहिल्या असतील त्यांना हे वाचूनच हात शिवशिवतील. ती यात्रेकरूंना वाढतात मटणाच्या रश्श्यात, त्यामुळे आपण खाऊ शकत नाही. पण कला तीच, आणि ती येणाऱ्या बायका तिथेही आता बोटांवर मोजण्याइतक्या.

आता अक्कांच्या मुख्य आक्षेपाकडे येते. ते स्वयंपाकघर शाकाहारी नव्हतं. खरं आहे. त्याच शेगडीवर इतर दिवशी मासे शिजतात. बारी समुद्रकाठचं गाव आहे. तिथली ओरेक्किएत्तेची नेहमीची भाजी सलगमाच्या कोवळ्या पाल्याची, आणि तीतसुद्धा लसूण आणि खारवलेले बारीक मासे विरघळवतात. आम्ही ती केली नाही. टोमॅटो, तुळशीच्या जातीची बाझिल नावाची पानं, ऑलिव्हचं तेल, मीठ. वेगळं पातेलं, वेगळी चाळणी, आमच्यासमोर घासलेली. वाइनऐवजी पाणी, तेही आमच्या बाटलीतलं. वरून चीज नाही. तिकडे गरिबांचं चीज म्हणून पावाचा चुरा तेलात भाजून भुरभुरतात, तोही मी घेतला नाही कारण पाव आंबवलेला. एवढं करूनही ते चौक्यासारखं शुद्ध होतं असं मी म्हणत नाही.

पण मग तुलना कशाशी करायची? आपल्या टूरमध्ये काय होतं ते आपण सगळ्यांनी पाहिलंय. घरून निघताना दहा दिवसांचे ठेपले. आठव्या दिवशी व्हेनिसच्या पायऱ्यांवर बसून तेच ठेपले. आपल्या शास्त्रात पिठाची मर्यादा सांगितलेली आहे. पावसाळ्यात तीन दिवस, उन्हाळ्यात पाच, थंडीत सात. हे दळलेल्या पिठाचं झालं. पोळी तर त्याच दिवशी संपली पाहिजे. आठ दिवसांचा ठेपला कोणत्या मर्यादेत बसतो? तो आपल्या घरचा, म्हणून मनाला शुद्ध वाटतो. समोर मळलेला, तासाभरात उकळलेला, उकळल्या उकळल्या खाल्लेला पास्ता परक्या घरचा, म्हणून अशुद्ध वाटतो. तिथल्या रव्याची दळणाची तारीख मला माहीत नव्हती, ही उणीव मी मोजते. मग दुसरी बाजूही मोजावी लागेल. आपण हिशेबाच्या बायका आहोत. जमा एका वहीत आणि खर्च दुसऱ्या वहीत लिहून ताळा बसत नाही.

ज्यांनी प्रतिमा घेतलेल्या आहेत, ज्या शोधाचंच जेवतात, त्यांनी जाऊ नये. त्यांना मी आग्रह करणार नाही, आणि त्या मुळात परदेशात जातच नाहीत. मी त्या बायकांबद्दल बोलतेय ज्या विमानात बसतात, हॉटेलात नाश्ता घेतात, पण बाहेरच्या बाईच्या हाताखाली शिकायची वेळ आली की त्यांना अचानक सगळे नियम आठवतात. हॉटेलच्या बुफेत चमचा सगळ्या भांड्यांतून फिरतो ते चालतं. तिथे आपण प्रश्न विचारत नाही. वर्गात निदान प्रत्येक वस्तू डोळ्यांसमोर येते, हाताखालून जाते.

चौक्याचं म्हणाल तर माझे नियम जायच्या आधी होते तेच आल्यावर आहेत. रात्रिभोजन नाही, कंदमूळ नाही, पाणी गाळून. चौक्यातल्या बाईचं त्या दिवसाचं सोवळं, त्या दिवसाचं पाणी, पिठाची मर्यादा आणि तिचे नियम बघायचे असतात, तिचे फोटो नव्हे, असं माझं मत आहे. तरीही ज्येष्ठांना यंदा मी कणकेला नको वाटले, तर बाहेर बसून गहू निवडीन. त्यातही मला कमीपणा नाही. मात्र त्यासाठी प्रायश्चित्त घ्या असं कोणी म्हटलं, तर ते मी घेणार नाही.

आता पैशांचं. मी 1980 च्या सुमाराची बी.कॉम. आहे, आणि हे म्हणतात तुझी ती पदवी फक्त बाजारात दिसते. वर्गाची फी माणशी 70 युरो. सहाजणांचे 420 युरो. माल किती लागला? रवा, टोमॅटो, तेल, गॅस धरून दहा-पंधरा युरोच्या वर नाही. उरलेले चारशे त्या बाईच्या अंगठ्याचे. मला ते जास्त वाटले नाहीत. पन्नास-साठ वर्षं वळत आलेला अंगठा आहे. बोलोन्याच्या लोकांनी तर 1972 साली आपल्या तालियातेल्ले पट्टीची रुंदी, शिजल्यावर आठ मिलिमीटर, तिथल्या चेंबर ऑफ कॉमर्समध्ये नोंदवून सोन्याची पट्टी करून ठेवली. ती अंड्याची, आपल्या कामाची नाही. पण चेंबर ऑफ कॉमर्स! आपल्या गव्हल्याची लांबी कोणी कुठे नोंदवली आहे का? गव्हल्याएवढी, एवढंच.

इथे टिटवाळ्यात स्टेशनच्या रस्त्यावर आसपासच्या गावांतल्या बायका उन्हाळ्यात शेवया, कुरडया घेऊन बसतात. गणपतीला आलेली माणसं गाडीतून उतरून किलोमागे वीस रुपये कमी करा म्हणून पाच मिनिटं वाद घालतात. आई सांगायची, किलोभर गव्हले वळायला एका बाईचे तीन-चार दिवस मोडतात. तीन दिवसांची मजुरी, गहू भिजवणं, रवा काढणं, वाळवण राखणं, हे सगळं लावून खरी किंमत काढली तर गव्हल्याला काजूच्या वरचा भाव पडेल. तो कोणी देत नाही, म्हणून त्या बाईची मुलगी शिकत नाही. बारीच्या बाईंची मुलगी शिकली आहे. ती बुकिंग घेते, ईमेलला उत्तर देते आणि शनिवारी वर्गही घेते. परक्या देशातली माणसं आपल्या आईच्या अंगठ्याला पैसे मोजतात, हे तिने पाहिलं आहे.

घरी परतल्यावर मी दोनदा ओरेक्किएत्ते केले. बाजारातला साधा रवा चालत नाही, तुकडे पडतात. बन्सीचा रवा आणून मिक्सरमधून पुन्हा बारीक केला, मैद्याच्या चाळणीने चाळला, मग जमला. वरून टोमॅटोचं सार आटवून, आणि चीजच्या जागी भाजलेल्या बदामाचं जाडसर कूट, थोडं मीठ, लिंबाची किसलेली साल. यांनी दोन वेळा घेतला आणि म्हणाले, "शेवयांचा उपमाच आहे, कानांचा." उरलेल्या रव्याचे गव्हले वळून पाहिले. पहिला अर्धा तास बोटं ऐकेनात, नंतर आपोआप चालायला लागली. नातीला व्हिडिओवर दाखवले. तिने तिकडे रवा आणून वळायला घेतले आहेत. तिचे गव्हले कमी आणि तांदळातले खडे जास्त वाटतात, पण शाळेत डब्यात नेते आणि विचारलं तर "इंडियन पास्ता" म्हणून सांगते.

तर आषाढ लागायच्या आत, म्हणजे चातुर्मास बसायच्या आधी, पुढचे दोन शनिवार माझ्या घरी वळवट करायचं ठरवलं आहे. शिकवायला खडवलीकडच्या एक मावशी येणार आहेत. पाचही प्रकार वळतात, मालत्यासुद्धा, ज्या मला येत नाहीत. फी माणशी 300 रुपये, सगळी त्यांची. घासाघीस करणाऱ्यांनी येऊ नये. बन्सीचा रवा मी आदल्या दिवशी काढून ठेवीन. नातवंडांना आणलंत तर त्यांची फी मी भरीन. कोरी फणी प्रत्येकीने आपापली आणावी, आणि जिच्या माळ्यावर शेवयांचा जुना पाट असेल तिने तोही खाली काढावा, माझ्याकडे एकच आहे. वेळ सकाळी साडेनऊ ते एक. कसाऱ्याची लोकल धरा, टिटवाळ्याला उतरून पूर्वेला फोन करा. वार शनिवारच, मंगळवार सुचवू नका. अंगारकी आली तर स्टेशनवरून रिक्षासुद्धा मिळत नाही.